फ्रिज काय म्हणतोय

आईचा तेरावा झाला आणि चौदाव्या दिवशी सकाळी आमचा फ्रिज वाजायला लागला.

मी ओट्याशी चहा गाळत होते. मागून डबे हलल्यासारखा आवाज आला, खडखडखड, बराच वेळ, आणि शेवटी एक दणका देऊन थांबला. कमलमावशी दारात कंगवा घेऊन उभी होती, ती एकदम दचकली.

"अगं बाई! हे काय गं कुंदा? भूत शिरलं की काय त्यात?"

"असेल काहीतरी."

"असेल काहीतरी काय? तुझा बाप फ्रिजचा मिस्त्री. सांग की त्याला."

आदल्या दिवशी तेराव्याची पंगत उठल्यावर मावशीनं सगळं घर धुवून काढलं होतं. सुतकाचा कण म्हणून राहू द्यायचा नाही असा तिचा चंगच. दादाला हाताशी घेऊन तिनं फ्रिजसुद्धा पुढं ओढला, मागची जळमटं काढली, आणि खालून कापडाची एक काळी पडलेली घडी काढून माझ्यापुढं नाचवली. "बघ तुझ्या आईचं! जिथं तिथं चिंध्या कोंबून ठेवायची खोड." मग ती घडी कचऱ्यात गेली. मी बघत होते. मला काही वाटलं नाही. त्या दिवसांत मला कशाचंच काही वाटत नव्हतं. गेले तेरा दिवस मी एकदाही रडले नव्हते, आणि येणाऱ्या-जाणाऱ्या बायका माझ्याकडं बघून एकमेकींना कोपरानं खुणावत होत्या, तेही मला दिसत होतं.

मी बाहेरच्या खोलीत गेले. आबा खुर्चीत बसून पेपर वाचत होते.

"आबा, फ्रिज वाजतोय," मी त्यांच्या मागनं म्हटलं.

त्यांनी पान उलटलं. मावशीनंही आतून दोनदा हाक दिली, "अहो भाऊजी, फ्रिज बघा जरा!" आबा ढिम्म हलले नाहीत.

"राहू दे," मावशी मला हळूच म्हणाली. "दुःखात आहे बिचारा."

मी पुन्हा काही सांगितलं नाही. दुपारच्या गाडीनं मावशी तासगावला गेली, संध्याकाळी दादा पुण्याला गेला, आणि घरात आम्ही दोघं आणि तो फ्रिज राहिलो.

आबांचं नाव दिनकर कोठावळे. मिरजेत फ्रिज वापरणाऱ्या निम्म्या घरांत तरी ते कधी ना कधी जाऊन आले असतील. तरुणपणी अकरा वर्षं बर्फाच्या कारखान्यात होते, तिथल्या दणदणाटातच ते हे काम शिकले. मग बाजारात एक शटर भाड्यानं घेऊन स्वतःचं दुरुस्तीचं दुकान सुरू केलं. त्यांचा एक मिजासीचा मुद्दा होता आणि तो ते प्रत्येक गिऱ्हाइकाला ऐकवत: "माझ्या घरचा फ्रिज येऊन बघा. सतरा वर्षं झाली. हूं न्हाई का चूं न्हाई." एवढं एक वाक्य सोडलं तर बोलणं बेताचंच. बोलायचं खातं आईकडं होतं.

आई प्रत्येक कामावर त्यांच्याबरोबर जायची. स्कूटरवर मागं बसायची, मांडीवर हत्यारांची पिशवी, आणि वाटेत मधूनच त्यांच्या खांद्यावर थापटायची, कधी डाव्या, कधी उजव्या. गल्लीतल्या बायकांना त्याचं फार कौतुक. "या वयात बघा कशी लाडात येते." फोन आईच घ्यायची. गिऱ्हाइकाशी तीच बोलायची. आबांना कुणी काही विचारलं तर त्यांच्या समोर येऊन तोच प्रश्न पुन्हा विचारायची. त्यामुळं काहीजण म्हणायचे, इंदूबाईंनी नवऱ्याला पार मुठीत ठेवलंय.

मी लहानपणी सुट्टीत त्यांच्याबरोबर जायचे. आबा फ्रिजच्या मागं जाऊन उकिडवे बसायचे, तळहात यंत्रावर ठेवायचे आणि विचारायचे, "काय म्हणतोय?" आई बॅटरी धरून उभी असायची. ती म्हणायची, "सुपारी कातरतोय." नाहीतर, "ताक घुसळतोय." नाहीतर, "भरडा काढतोय." घरची माणसं हसायची. आबा मात्र गंभीरपणे मान हलवून कामाला लागायचे. आणि आईला बॅटरी कधी नीट धरता आली नाही. उजेड यंत्रावर पडायचा सोडून तिच्याच तोंडावर पडायचा. "अहो वहिनी, बॅटरी तिकडं!" असं लोक म्हणायचे, आई "अगं बाई, खरंच की" म्हणून हसायची, आणि दोन मिनिटांनी पुन्हा तेच.

आई गेल्यावर आबांनी काम सोडलं. फोन वाजायचा, आबा शेजारी बसलेले असायचे आणि घ्यायचे नाहीत. मी घरी असले तर मी घ्यायचे. नसले तर वाजून वाजून बंद पडायचा. स्कूटर अंगणात झाकून ठेवलेली होती. महिना गेला, दोन महिने गेले. दादा दर रविवारी फोन करायचा.

"आबा काय करतात?"

"बसतात."

"कामाला?"

"नाही जात."

"कुंदा, असं नाही चालायचं. परवा शेजारचे पाटील फोनवर सांगत होते, रस्त्यात मागून ट्रक ठणाणा बोंबलत होता आणि आबा मधूनच चाललेले. त्यांचं लक्षच नाही जगात. मी त्यांना इकडं आणतो. शटर सोडून देऊ. तुझंही बी.एड. झालंय, इकडंच शाळा बघू. पुढच्या रविवारी गाडी घेऊन येतो."

"बरं," मी म्हटलं.

मी आबांसमोर बसून त्यांना ते सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं. पायाच्या अंगठ्यानं फरशीवर काहीतरी गिरवत राहिले. "तिथं मी काय करू?" एवढंच म्हणाले. पुण्यात तिसऱ्या मजल्यावर, मुलाच्या घरी, ते काय करणार हे मलाही माहीत नव्हतं. इथं तरी ते काय करत होते? मी उठून भात टाकला. फ्रिज खडखडत होता. मला त्याची सवय झाली होती. तो आवाज असला की घरात कुणी बोलत नाही हे जाणवत नव्हतं.

शुक्रवारी अकराच्या सुमाराला डॉक्टर मुजावरबाईंचा फोन आला. मुलांच्या डॉक्टर. आमच्या दोघा भावंडांना त्यांनीच लहानाचं मोठं केलं म्हटलं तरी चालेल.

"कुंदा, वडिलांना घेऊन ये गं. लसींचा फ्रिज कालपासून कसलातरी आवाज करतोय. एकजण बघून गेला, म्हणाला नॉर्मल आहे. काटा बरोबर दाखवतोय, पण मला चैन नाही. उद्या सकाळी साठ पोरं यायची आहेत लसीला. तुझ्या वडिलांनी एकदा कान लावून सांगितलं की मी निवांत."

मी आबांना सांगितलं.

"न्हाई जमायचं," ते म्हणाले.

"का?"

"न्हाई जमायचं म्हणलं न्हवं का."

"आबा, आई आजारी होती तेव्हा त्या रोज घरी येत होत्या. लहान मुलांच्या डॉक्टर असून येत होत्या."

ते बराच वेळ माझ्या तोंडाकडं बघत राहिले. मग उठले आणि स्कूटरवरचं कापड काढलं. पिशवी माझ्या हातात दिली. मग किक एवढ्या जोरात मारली की स्कूटर डुलली. रागावलेत असं मला वाटलं. ते घाबरले होते, हे मला पुढं अर्ध्या तासानं कळलं.

दवाखान्याच्या आतल्या खोलीत फ्रिज होता. खिडकी बंद, उजेड बेताचा. कुठूनतरी चर्र असा बारीक आवाज येत होता. डॉक्टरीणबाई दाराशी उभ्या राहिल्या. आबांनी फ्रिज पुढं ओढला, मागं जाऊन उकिडवे बसले, तळहात ठेवला.

"काय म्हणतोय?" त्यांनी विचारलं.

मी फ्रिजच्या पुढच्या बाजूला होते. "तुम्हालाच ठाऊक," मी म्हटलं.

ते तसेच बसून राहिले. अर्धा मिनिट. मग मान वळवून त्यांनी त्यांच्या डाव्या बाजूला बघितलं, भिंतीपाशी, जिथं कुणीच नव्हतं. आई तिथं उभी राहायची.

"कुंदा," ते म्हणाले, "हिकडं ये. बॅटरी घे."

मी पिशवीतून बॅटरी काढली, तिथं जाऊन उभी राहिले आणि उजेड यंत्रावर पाडला. नीट, जिथं पाडायला हवा तिथं. आबांनी हात वर केला, माझं मनगट धरलं आणि हळूच फिरवलं. बॅटरी माझ्या तोंडावर आली. माझे डोळे दिपले.

"अशी धर," ते म्हणाले. "आता सांग."

मला एकदम सगळं समजलं असं मी म्हणणार नाही. डोळ्यांपुढं नुसता पिवळा उजेड होता. त्या उजेडापलीकडं आबांचं तोंड होतं आणि ते माझ्या ओठांकडं बघत होते. लहानपणापासून ते असेच बघायचे. मला वाटायचं, आपल्या बापाचं आपल्यावर फार लक्ष आहे. कानानं थोडं कमी आहे हे घरात ठाऊक होतं, पण थोडं म्हणजे किती, हे मी कधी विचारलं नव्हतं. अकरा वर्षं बर्फाच्या कारखान्यात. खांद्यावरची थाप. वाजून वाजून बंद पडणारा फोन.

"काय म्हणतोय?" त्यांनी पुन्हा विचारलं. आवाज अगदी खाली होता. डॉक्टरीणबाईंना ऐकू जाऊ नये म्हणून असावा, आणि तो किती खाली आहे हे त्यांना स्वतःला कळत नसणार.

मी ऐकलं. चर्र. तेलात मोहरी टाकल्यासारखं. आईचा शब्द मला आठवत होता.

"फोडणी," मी म्हटलं. "फोडणी देतोय."

त्यांचे खांदे सैल झाले. त्यांनी फ्रिज मागं ढकलला, हात पुसले आणि बाहेर येऊन म्हणाले, "काय न्हाई डॉक्टर. बर्फ वितळून पाण्याचे थेंब खालच्या तापल्या तारेवर पडत्यात. त्यो आवाज. घोर करू नका."

"बघा, तुम्ही म्हणालात म्हणजे झालं," बाई म्हणाल्या आणि खरोखरच निवांत झाल्या.

आम्ही व्हरांड्यात आलो. आबांनी चपला घातल्या. मी पिशवी घेऊन उभी होते, डोक्यात काही नव्हतं. आत नर्सनं कपाट बंद केलं, मग शांत झालं, आणि त्या शांततेत मला ते ऐकू आलं. चर्र. अजून चालूच होतं. आम्ही आलो तेव्हापासून एकदाही थांबलं नव्हतं.

मी आबांचा दंड धरला आणि समोर गेले. "आबा, ते थांबलं नाही अजून."

"काय?"

"फोडणी. चालूच आहे."

त्यांचा चेहरा उतरला. मग लाल झाला.

"चालू? मघापासनं? मग फोडणी कशी म्हणलीस? फोडणी लगेच विझती. चालू ऱ्हातं ते तळण! घरात एवढा स्वैपाक करतीस, फोडणी आन् तळण कळत न्हाई?" त्यांनी चपला काढून भिरकावल्या. "तळण म्हंजे ग्यास चाललाय. सकाळपतूर सगळं गरम हुतंय. उद्या पोरास्नी काय टोचलं असतं त्यांनी? पाणी?" आणि मग, माझ्याकडं न बघता, "तुझी आई अशी कधी चुकली न्हाई."

आई गेल्यापासून त्यांनी तिचं नाव पहिल्यांदा काढलं होतं. खूप लागलं मला ते, आणि लागलं याचंच नवल वाटलं.

आबा आत गेले. डॉक्टरीणबाईंना म्हणाले, "चुकलं माझं. ग्यास गळतोय. लसी आत्ताच्या आत्ता हलवा." बाईंनी एका शब्दानं काही विचारलं नाही. बर्फाच्या पेट्या आल्या, लसी मोजून त्यांत भरल्या आणि पलीकडच्या दवाखान्यातल्या फ्रिजकडं गेल्या. तोवर आबांनी फ्रिज पुन्हा ओढला आणि मला भिंतीपाशी उभं केलं. साबणाचं पाणी करून ते एकेका सांध्याला लावत गेले, आणि मी बॅटरी स्वतःच्या तोंडावर धरून सांगत गेले. वर जास्त. खाली कमी. आता बारीक. आता नाही. एका सांध्यावर बारीक बुडबुडे आले. दुपारी दोनपर्यंत सांधा पक्का झाला, गॅस भरून झाला.

"काय म्हणतोय?"

या वेळी मी घाई केली नाही. डोळे मिटून, मनात शंभरपर्यंत मोजून ऐकलं.

"ताक घुसळतोय," मी म्हटलं. "मधेमधे. थांबतोय, परत घुसळतोय."

"मग झालं," आबा म्हणाले.

संध्याकाळपर्यंत काटा बघून मग लसी परत ठेवा, असं त्यांनी बाईंना बजावलं. बाई आम्हाला दारापर्यंत सोडायला आल्या. "कोठावळे, त्या दुसऱ्यानं नॉर्मल म्हणून सोडून दिलं होतं बघा. तुमच्या कानाला तोड नाही." आबा माझ्याकडं बघत होते. बाई काय म्हणाल्या ते त्यांना समजलं नव्हतं. मी बाईंकडं बघून हसले, आणि मग आबांच्या समोर येऊन म्हटलं, "आबा, बाई म्हणतात तुमच्या कानाला तोड नाही."

त्यांनी मान खाली घातली आणि स्कूटरला किक मारली.

स्टेशनच्या चौकात मागून एक टेंपो आला. उजवीकडून, हॉर्नवर हात दाबूनच. मी आबांच्या उजव्या खांद्यावर थापटलं. त्यांनी मागं वळून न बघता गाडी डावीकडं घेतली.

घरी आलो. दार उघडल्याबरोबर आतून खडखडखड. आबा अंगणात हातपाय धुवायला थांबले होते. मी तिथं जाऊन, समोर उभी राहून म्हटलं, "आबा, आपल्या फ्रिजला..."

"आपल्या फ्रिजला काय धाड भरलीय?" ते म्हणाले. तोंडावर पाणी होतं आणि दोन महिन्यांत पहिल्यांदाच जरा खुशीत होते. "सतरा वर्षं झाली. हूं न्हाई का चूं न्हाई."

मी तशीच आत आले.

आईची घरात नेसायची फिकट हिरवी साडी दोरीवर तशीच होती. मावशीनं बाकीच्या वाटून टाकल्या होत्या, ही फाटकी म्हणून राहिलेली. मी तिचा पदराकडचा हातभर तुकडा फाडला. घडी घातली, मग आणखी एक घडी. फ्रिजचा मागचा कोपरा खांद्यानं उचलला आणि ती घडी पायाखाली सरकवली.

आवाज बंद झाला.

सतरा वर्षं. त्यातली किती वर्षं ती तिथं घडी बदलत होती कुणास ठाऊक. आबा शटरला गेले की, आंघोळीला गेले की. फ्रिज त्यांनी स्वतः बसवला होता, आणि तो पहिल्यापासून वाजत असणार. तिनं ते त्यांना कधी सांगितलं नव्हतं. मलाही नाही.

आबा आत आले. टॉवेल खांद्यावर टाकून फ्रिजपाशी थांबले. आई गेल्यानंतर प्रथमच त्यांनी त्याच्यावर तळहात ठेवला आणि माझ्याकडं बघितलं.

"काय म्हणतोय?"

"काही नाही," मी म्हटलं. "गप्प आहे."

"गप्पच असणार," ते म्हणाले आणि पाटावर जाऊन बसले.

मी त्यांना भात वाढला, आमटी वाढली. घर इतकं शांत झालं होतं की त्यांच्या बोटांचा ताटावरचा आवाज येत होता. मग मी ओट्याकडं तोंड केलं आणि रडले. मोठ्यानं रडले, तोंडावर हात न धरता, आई आई करत. पाठीमागं आबा जेवत होते. मी वळले नाही तोवर त्यांना काही कळणार नव्हतं, आणि मी चांगली पाच मिनिटं वळले नाही.

फोन वाजला. मी तोंड पुसून घेतला. दादा होता.

"रविवारी सकाळी दहापर्यंत पोचतो. आबांचं सामान बांधून ठेव. कपडे आणि औषधं तेवढी."

"नको येऊस," मी म्हटलं. "म्हणजे ये, पण गाडी भरायला नको. आबा कामाला जायला लागलेत."

"कधीपासून?"

"आजपासून. उद्या दवाखान्यात काटा बघायला जायचंय."

"एकटे?"

"मी असते की बरोबर."

"तू?" दादा हसला. "फ्रिजमधलं तुला काय कळतं? तू तिथं कशाला?"

आबांनी ताटावरून वर बघितलं. मी बोलतेय एवढंच त्यांना दिसत होतं. मी त्यांच्याकडं तोंड करून, सावकाश, त्यांना नीट दिसेल असं म्हटलं,

"बॅटरी धरायला."